अ‍ॅक्सिडेंटच्या क्लेममध्ये मनाचंही मागा

मोटार अपघाताच्या क्लेमची फाईल म्हटली की त्यात काय काय असतं ते मला आता तोंडपाठ झालंय. एफआयआर, घटनास्थळाचा पंचनामा, आरसी, लायसन, पॉलिसीची झेरॉक्स, डिस्चार्ज कार्ड, एक्स-रे, मेडिकलची बिलं आणि शेवटी अपंगत्वाचं सर्टिफिकेट. जळगावला एका वकील साहेबांकडे मी टायपिंगचं आणि फायलींचं काम करतो, स्वतः वकील नाही, पण एवढ्या वर्षांत एवढे क्लेम टाईप केलेत की कुठल्या पानावर काय येणार हे न बघता सांगू शकतो. आणि मानसोपचाराच्या डॉक्टरचा केसपेपर लावलेल्या फायली मला अगदी थोड्या आठवतात. मग आपल्या खान्देशात अपघातात कुणाच्या मनाला काही होतच नाही का? होतं ना, घराघरात होतं, फक्त त्याचा कागद होत नाही आणि कोर्टात जे कागदावर नाही त्याचे पैसे कुणी देत नाही.

हे आज लिहायला बसलो ते माझ्या चुलतभावामुळे. तो केळीच्या गाडीवर ड्रायव्हर होता, यावल-रावेर पट्ट्यातून माल भरायचा आणि रात्रीतून निघायचा. समोरून आलेल्या ट्रकने धडक दिली, याचा हात मोडला, बाजूला बसलेला पोरगा जागेवर गेला. हाताचं ऑपरेशन झालं, रॉड टाकला, काही महिन्यांत हात बऱ्यापैकी चालायला लागला. पण त्यानंतर तो स्टिअरिंगला बसलेला नाही. हायवेवरून एसटीत जायचं म्हटलं तरी घाम फुटतो, रात्री ओरडून उठतो, तो पोरगा दिसतो म्हणतो. मला म्हणाला, "भो, गाडीना हॉर्न वाजना का मना जीव घाबरस, काय करू?" काकूने आधी उतारा टाकला, मग एका भगताकडे नेलं, मग कुणीतरी म्हणालं बाहेरचं आहे तर अजून एका ठिकाणी. मी मानसोपचारवाल्या डॉक्टरचं नाव काढलं की काकू एकच म्हणायची, लोके काय म्हनतीन, लहान्याचं लग्न व्हायचंय. काकूचं चुकतंय असं मी म्हणणार नाही, तिला जे दिसतं ते ती बघते, सोयरीक जुळताना लोक खरंच असल्या गोष्टी उकरून काढतात. पण त्याचा परिणाम काय झाला तर क्लेममध्ये फक्त हात आला. ज्या माणसाचा हात बरा आहे आणि धंदा बंद आहे त्याचा हात मोजला आणि धंदा ज्याच्यामुळे बंद पडला ते मोजायचं राहिलं.

आणि कायद्यात ते मोजायला जागा नाही असं अजिबात नाही, हेच लोकांना माहीत नसतं. सुप्रीम कोर्टाने १९९५ साली आर. डी. हत्तंगडी विरुद्ध पेस्ट कंट्रोल या निकालात सांगून ठेवलंय की नुकसान दोन प्रकारचं असतं. एक पैशात मोजता येणारं, म्हणजे दवाखाना, बुडालेली कमाई वगैरे. आणि दुसरं जे असं सरळ मोजता येत नाही, त्यात मानसिक आणि शारीरिक धक्का, वेदना, यातना, आतापर्यंत भोगलेल्या आणि पुढे भोगाव्या लागणाऱ्या, मग आयुष्यातला आनंद हिरावला जाणं, म्हणजे आधी जे करता यायचं ते आता करता न येणं, आणि गैरसोय, निराशा, मनावरचा ताण हे सगळं येतं. मानसिक धक्का हा शब्द तिथे स्पष्ट आहे. आमच्या पिटीशनमध्ये पण तो असतो, "शारीरिक व मानसिक त्रासापोटी" अशी ओळ प्रत्येक क्लेममध्ये असते, फॉरमॅटमध्येच आहे ती. पण ओळ लिहिणं वेगळं आणि सिद्ध करणं वेगळं.

२०१० चा राजकुमार विरुद्ध अजय कुमार हा सुप्रीम कोर्टाचा निकाल क्लेमचं काम करणाऱ्या प्रत्येकाला पाठ असतो. त्यात कोर्टाने असं सांगितलं की डॉक्टरने लिहिलेली अपंगत्वाची टक्केवारी आणि कमाई किती टक्के बुडाली हे दोन एकच नाहीत. बोट तुटलं तर शिक्षकाची कमाई तेवढी जाणार नाही पण तबला वाजवणाऱ्याची जाईल, असं समजा (उदाहरण माझं आहे, तत्त्व कोर्टाचं). म्हणजे ड्रायव्हरचा हात थोडा अधू आणि मन पूर्ण अधू असेल, गाडीच्या जवळ उभं राहवत नसेल, तर त्याची ड्रायव्हर म्हणून कमाई किती गेली हे बघायला कोर्टाला पूर्ण वाट मोकळी आहे. पण त्याच निकालात दुसरी गोष्ट पण आहे आणि ती आपल्यावर उलटते. साध्या दुखापतीत फक्त औषधाचा खर्च, उपचाराच्या काळातली बुडालेली कमाई आणि वेदना-यातना एवढंच मिळायचं, पुढच्या कमाईचं नुकसान, पुढच्या उपचारांचा खर्च, हरवलेला आनंद हे फक्त गंभीर केसमध्ये आणि तेही क्लेम करणाऱ्याच्या जबाबाला नेमका वैद्यकीय पुरावा असेल तरच. आता हात जुळलाय, डिस्चार्ज कार्डवर मनाचं काही नाही, तर कोर्टाने कुठल्या कागदावर पुढचं द्यायचं? जज साहेबांना साक्ष देणाऱ्याच्या डोळ्यातली भीती दिसत असेलही, पण निकाल लिहायला निशाणी नंबर लागतो, म्हणजे पुरावा म्हणून दाखल झालेल्या कागदाला कोर्ट देतं तो नंबर.

आणि पुरावा असला की कोर्ट देतं हेही बघा. काजल विरुद्ध जगदीश चंद, २०२० चा सुप्रीम कोर्टाचा निकाल. हरियाणातली बारा वर्षांची मुलगी, २००७ मध्ये आईवडिलांबरोबर ट्रॅक्टरवर जाताना ट्रकने धडक दिली, मेंदूला एवढी इजा झाली की तिची समज काही महिन्यांच्या बाळाएवढी राहिली. कोर्टाने ६२ लाखांच्या वर भरपाई दिली, तिला आयुष्यभर सांभाळायला माणसं लागतील त्यांचाही हिशोब केला. २०२४ मध्ये के. एस. मुरलीधर यांच्या केसमध्ये नुसत्या वेदना आणि यातना या एका सदराखाली १५ लाख दिले. अर्थात या दोन्ही केसमध्ये मेंदूची किंवा शरीराची मोठी इजा होती, ती स्कॅनमध्ये, सर्टिफिकेटमध्ये दिसत होती. माझ्या भावासारख्याचा स्कॅन नॉर्मल येतो. तिथूनच खरी अडचण सुरू होते.

इन्शुरन्स कंपनीचा वकील उलटतपासात काय विचारतो ते मी पाठीमागे बसून ऐकलेलं आहे. अपघातानंतर तुम्ही मानसिक आजाराच्या कुठल्या डॉक्टरकडे गेला होता का? नाही. तसा कुठला कागद दाखल केलाय का? नाही. तुम्हाला आधीपासून दारूची सवय होती हे म्हणणं खरं आहे का? खोटं आहे. तुम्ही क्लेम वाढवण्यासाठी हे सांगताय हे खरं आहे का? खोटं आहे. झालं, चार प्रश्नांत माणसाचं रात्र रात्र जागणं खोटं पडतं. त्या वकिलाचा राग येतो पण तो त्याचं काम करतोय, त्याला उत्तर द्यायला आपल्याकडे कागद नाही हे खरं दुखणं.

मनाचं अपंगत्व मोजता येत नाही असं कुणी म्हणत असेल तर तेही बरोबर नाही. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात जे २१ प्रकार आहेत त्यात मानसिक आजार आहे. तो मोजायला आयडीईएएस नावाची पद्धत आहे, भारतातच तयार झालेली. स्वतःची काळजी घेता येते का, माणसांशी नातं कसं आहे, बोलणं-समजणं कसं आहे आणि काम करता येतं का, या चार गोष्टींना शून्य ते चार असे मार्क, आणि आजार किती काळ आहे त्याचे वेगळे. हे सगळं मानसोपचार तज्ज्ञ बघतो. पण ते सर्टिफिकेट मिळायला आजार लांबलेला लागतो, उपचाराचा इतिहास लागतो. म्हणजे परत पहिला केसपेपर कधी निघाला यावरच येऊन थांबतं. आणि धडगाव-मोलगीकडच्या माणसाला नंदुरबारला यायचं म्हणजे अख्खा दिवस आणि मजुरी बुडवून यावं लागतं, तिथे डॉक्टर त्या दिवशी भेटले नाहीत तर परत. हे शहरात बसून "दाखवून घ्या ना" म्हणण्याएवढं सोपं नाही हे मला कळतं.

आता मला सगळ्यात जास्त खुपणारी गोष्ट सांगतो. डॉक्टर लोक ज्याला पीटीएसडी म्हणतात, मोठ्या आघातानंतर येणारा आजार, त्याचं निदान करायला लक्षणं महिन्याहून जास्त टिकावी लागतात. आणि काही जणांत तो उशिरा उमटतो, पूर्ण लक्षणं दिसायलाच सहा महिने किंवा त्याहून जास्त लागतात, डॉक्टरांच्या पुस्तकात त्याला वेगळा प्रकार म्हणून नोंदलंय. आणि इकडे मोटार वाहन कायद्यात २०१९ ला दुरुस्ती झाली, ती १ एप्रिल २०२२ पासून लागू झाली, त्यात क्लेम अपघातापासून सहा महिन्यांच्या आत टाकायचा असं आलं. त्या मुदतीला सुप्रीम कोर्टात आव्हान दिलं गेलंय, त्यामुळे कुणाची मुदत उलटली असेल तर घरी बसून राहू नका, वकिलाला विचारा. पण विचार करा, आजार उमटायला सहा महिने आणि दावा टाकायला पण सहाच महिने. हाडाला हे चालतं, हाड पहिल्याच दिवशी मोडलेलं दिसतं.

लोक अदालतीचं पण तसंच. तडजोड चांगली, पैसे लवकर मिळतात, तारखांना येणं वाचतं, मी स्वतः कितीतरी लोकांना सांगतो की रक्कम पटत असेल तर करून टाका. पण एकदा तिथे सही झाली, अवॉर्ड झाला, म्हणजे तडजोडीचा निकाल निघाला, की त्यावर अपील नाही आणि तो क्लेम संपला. हात बरा झाला म्हणून आकडा मान्य केला आणि वर्षभराने माणूस घराबाहेर पडेनासा झाला तर त्या फाईलीत परत जाता येत नाही. म्हणून तडजोडीच्या आधी घरच्यांनी एवढं तरी बघावं की माणूस झोपतो का, जेवतो का, कामावर गेला का, अपघाताच्या जागेवरून जाऊ शकतो का.

हे झालं ज्याला लागलं त्याचं. ज्याने नुसतं बघितलं त्याचं काय?

२२ जानेवारी २०२५ ला पुष्पक एक्सप्रेसमध्ये आग लागल्याची अफवा झाली, आपल्याच पाचोऱ्याजवळ परधाडे-माहेजीच्या मध्ये लोकांनी रुळावर उड्या टाकल्या आणि समोरून कर्नाटक एक्सप्रेस आली. रेल्वेच्या कायद्यात भरपाई आहे, मृत्यूला आठ लाख, आणि जखमांची यादी आहे, हात गेला तर एवढे, पाय गेला तर एवढे, बोटं, डोळा, ऐकू येणं, प्रत्येकाचा आकडा लिहिलेला. यादीबाहेरच्या जखमेच्या वेदनेसाठी ट्रिब्युनलला काही देता येतं, त्यालाही मर्यादा आहे. पण जो डब्यातून उतरलाच नाही, खिडकीतून सगळं बघत राहिला, ज्याला एक ओरखडा नाही, त्याचा आकडा त्या यादीत नाही. आणि आजूबाजूच्या गावातले जे लोक धावत गेले आणि ज्यांनी रुळावरून माणसं उचलली त्यांचा तर कुठेच नाही. तसंच १५ फेब्रुवारी २०२१ ला यावल तालुक्यात किनगावजवळ पपईचा ट्रक उलटला आणि रावेरकडचे मजूर गेले, एकेका घरातले दोन-तीन. २०२३ च्या जुलैत शिरपूरकडे पळासनेरला ट्रक हॉटेलात घुसला. अशा ठिकाणी वाचलेले आणि बघणारे किती असतील, त्यांना कुणी विचारलं असेल का मला शंका आहे.

इंग्लंडच्या कोर्टांनी हा प्रश्न कधीपासून धरलाय. १८८८ चा एक निकाल आहे, ऑस्ट्रेलियातला, लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत, म्हणजे ब्रिटिश वसाहतींच्या शेवटच्या अपील कोर्टापर्यंत गेलेला. रेल्वे गेटवाल्याने गाडी येत असताना बग्गी रुळावर सोडली, ट्रेन अगदी घासून गेली, बग्गीला धक्का लागला नाही पण बाई बेशुद्ध पडली आणि आजारी झाली. कोर्टाने पैसे नाकारले, नुसत्या भीतीने झालेला आजार भरपाईत धरता येत नाही म्हणून. १९०१ मध्ये दुसऱ्या कोर्टाने वेगळं सांगितलं, स्वतःच्या जिवाची भीती वाटून आजार झाला असेल तर भरपाई मिळू शकते. मग १९८२ मध्ये एका आईला मिळाली, ती अपघाताच्या जागी नव्हती, दोनेक तासांनी दवाखान्यात पोचली आणि नवरा आणि पोरं तेला-मातीने माखलेली बघितली, मुलगी गेली होती.

पण नंतर त्यांनी दार आवळत नेलं. १९८९ ला हिल्सबरो मैदानात फुटबॉलच्या मॅचला चेंगराचेंगरी झाली, त्यातल्या नातेवाईकांच्या केसमध्ये १९९१ ला हाऊस ऑफ लॉर्ड्सने, म्हणजे तिथल्या तेव्हाच्या सगळ्यात वरच्या कोर्टाने, अटी घातल्या. जवळचं प्रेमाचं नातं सिद्ध करा, स्वतः तिथे किंवा लगेच नंतर तिथे हवे, स्वतःच्या डोळ्यांनी-कानांनी अनुभवलेलं हवं, टीव्हीवर बघितलेलं चालणार नाही. एक माणूस मैदानात हजर होता, त्याचे दोन भाऊ त्यात गेले, तरी त्याला नाही मिळालं, कारण भावांवर किती जीव होता याचा पुरावा दिला नव्हता. हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक बंद करून बाहेर चहाला गेलो. आपल्याकडे दोन भाऊ गेलेल्या माणसाला "तुमचं प्रेम होतं का, पुरावा द्या" असं विचारायची वेळ कुणावर येऊ नये. कोर्टाची भीती अशी की दार सताड उघडलं तर दाव्यांचा पूर येईल, ते समजू शकतो, पण ही अट मला आजही पटत नाही.

आपलं सुप्रीम कोर्ट एका बाबतीत जास्त माणुसकीने वागलंय असं माझं मत. १९९८ च्या एका निकालात नर्सने लहान मुलाला चुकीचं इंजेक्शन दिलं होतं, मूल कायमचं निपचित पडलं, तेव्हा मुलाला साडेबारा लाख दिले आणि आईवडिलांना त्यांच्या स्वतःच्या मनस्तापाचे पाच लाख वेगळे दिले. म्हणजे आईबापाचं दुःख हे मुलाच्या नुकसानीत धरून टाकलं नाही. पण मोटार अपघातात पोरगा गेला तर आईला त्याच्या सहवासाला मुकल्याबद्दल २०१७ च्या प्रणय सेठी आणि २०१८ च्या नानूराम निकालाप्रमाणे ठरलेले ४० हजार, त्यात दर तीन वर्षांनी दहा टक्के वाढ. सगळ्यांना सारखं मिळावं म्हणून आकडा ठरवला, तो हेतू चांगला आहे. पण जी आई त्यानंतर अंथरुणातून उठलीच नाही, जिला गोळ्या चालू झाल्या, तिचा आजार त्या ४० हजारांत कसा बसेल? तो वेगळा मागावा आणि वेगळा पुरावा द्यावा असं मला वाटतं, मिळो न मिळो. मागितलंच नाही तर निकाल कधीच होणार नाही.

ग्राहक आयोगात तर हा विषय रोजचा. बियाणं बोगस निघालं, कपाशी उगवलीच नाही, तक्रार केली. शेतकरी ग्राहक आहे हे सुप्रीम कोर्टाने २०१२ मध्ये राष्ट्रीय बीज निगमच्या केसमध्ये पक्कं केलंय. निकालाच्या शेवटी ठरलेलं वाक्य येतं, "मानसिक व शारीरिक त्रासापोटी रुपये अमुक व तक्रारीच्या खर्चापोटी रुपये तमुक". मी बघितलेल्या निकालांत तो अमुक बहुतेक पाच हजार, दहा हजार. पेरणी गेली, सावकाराचा तगादा, घरात बोलणं बंद, आणि त्याचे पाच हजार. तिथेही गोष्ट तीच आहे, तक्रारीत एक ओळ असते आणि पुरावा काहीच नसतो.

म्हणून ज्यांच्या घरात असं झालंय त्यांच्यासाठी थोडं लिहितो. सिव्हिल हॉस्पिटलच्या मानसोपचार ओपीडीत जा, केसपेपर काढा आणि डॉक्टरला सांगताना अपघाताची तारीख सांगा, ती त्यावर लिहून घ्या, म्हणजे पुढे अपघाताशी संबंध जोडता येतो. औषधं चालू ठेवा आणि प्रत्येक वेळचा कागद ठेवा. जायला जमत नसेल तर आधी टेलिमानसला, म्हणजे सरकारच्या मानसिक आरोग्याच्या हेल्पलाईनला फोन करा, १४४१६, मराठीत बोलतात आणि पैसे लागत नाहीत, पण लक्षात ठेवा तो फोन म्हणजे केसपेपर नाही. आधीपासून काही त्रास असेल तर लपवू नका, आधी थोडं होतं आणि अपघाताने वाढलं हेही सांगता येतं, लपवलेलं उलटतपासात निघालं की सगळंच खोटं पडतं. मालकाने कामावरून कमी केलं असेल तर त्याचं लिहून घ्या. बायकोचा, शेजाऱ्याचा जबाब द्या, आधी हा माणूस कसा होता आणि आता कसा आहे, साधं बोलीत सांगितलं तरी चालतं. डॉक्टर साक्षीला यायला तयार नसतात हे खरं, पण राजकुमार निकालातच म्हटलंय की त्यांची साक्ष कमिशनवर, म्हणजे कोर्टाने नेमलेल्या माणसाकडून कोर्टाबाहेर घेता येते किंवा त्यांना वेळ ठरवून देता येते, वकिलाला तसा अर्ज द्यायला सांगा. मेडिक्लेम असेल तर मानसिक आजाराचा खर्च नाकारला म्हणून गप्प बसू नका, २०१७ च्या मानसिक आरोग्य कायद्याच्या कलम २१ मध्ये विमा कंपनीने शरीराच्या आजारासारखाच मनाच्या आजाराला विमा द्यायचा असं आहे.

वकिलाला द्यायला पैसे नसतील तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरण कोर्टाच्या आवारातच आहे, फोन १५१००. बायका, मुलं, अनुसूचित जाती-जमातीचे लोक, दिव्यांग, मोठ्या दुर्घटनेतले बळी, कारखान्यातले कामगार यांना फुकट वकील मिळतो, यांना उत्पन्नाची अट नाही.

भावाला मी शेवटी डॉक्टरकडे नेलं, काकूला लग्नाच्या खरेदीला जातोय असं सांगून नाही, सरळ सांगून. ती पण बरोबर आली आणि डॉक्टरशी तीच जास्त बोलली. क्लेम अजून चालू आहे, पुराव्याचं अ‍ॅफिडेव्हिट व्हायचंय, त्यात आता केसपेपर लागतील आणि डॉक्टरला साक्षीला बोलवायचा अर्ज मी टाईप करून ठेवलाय.